नीराकाठची यादवी

वडगाव नावाची गावं महाराष्ट्रात पैशाला पासरी आहेत. मावळातल्या वडगावात जानेवारी १७७९ मध्ये इंग्रजांच्या फौजेने हात टेकले. रघुनाथरावांना पेशवाईवर बसवण्यासाठी ती पुण्याकडे निघाली होती. कोल्हापूरकडच्या पेठ वडगावला १७०८ साली सेनापती धनाजी जाधव वारले. आदल्याच वर्षी त्यांनी ऐन लढाईच्या तोंडावर बाजू बदलली होती आणि मराठ्यांचा छत्रपती कोण, हे ठरवून टाकलं होतं. बारामती तालुक्यातलं वडगाव निंबाळकर कुठल्या लढाईसाठी प्रसिद्ध नाही. पण मराठ्यांच्या घरच्या यादवीचा माग काढत फिरायचं तर सुरुवात इथून करावी, असं मला फार दिवस वाटत होतं. यादवीत ज्यांना एक बाजू धरावी लागली त्या घराण्याचं नाव या गावाच्या नावात आहे, आणि त्या काळात फौजा जी नदी वारंवार ओलांडत होत्या ती नीरा गावाच्या दक्षिणेला वाहते.

बारामतीहून नीरेच्या रस्त्याला लागलं की माळेगाव, पणदरे, कोऱ्हाळे आणि मग वडगाव. मी गेलो तेव्हा हंगाम भरात होता. सोमेश्वर कारखान्याकडे उसाच्या ट्रॉल्या आणि बैलगाड्यांची रांग लागलेली. इंग्रजांनी १८८०च्या दशकात नीरेचा डावा कालवा काढला आणि एके काळचा हा दुष्काळी टापू हिरवा झाला. रस्त्याकडेच्या फडात तोडणी चालली होती. एक बाई उसाची वाढी पिळून त्याचाच बंध करत होती. गुडघा रेटून मोळी आवळायची, बंधाचं टोक आत खोचायचं आणि लगेच पुढची मोळी. सुतळी नाही, दोरी नाही. उसाने ऊस बांधला जात होता. बांधावर टेकलेल्या एका म्हाताऱ्याला विचारलं, "बाबा, नदी किती लांब इथनं?"

"ही चारी धरून सरळ जावा. शिवार सपलं की नीरा. पल्याड फलटण."

"पलीकडे जाणंयेणं असतं?"

"न्हाई तर काय! आमच्या निम्म्या सोयरिकी पल्याडच हायत की."

हे सोयरिकीचं सूत्र धरूनच पुढची सगळी हकिगत समजून घ्यावी लागते. पलीकडच्या फलटणचे नाईक निंबाळकर हे भोसल्यांचे पिढ्यान्‌पिढ्यांचे सोयरे. शिवाजी महाराजांची आजी, मालोजीराजांच्या पत्नी उमाबाई, निंबाळकरांच्या. महाराजांच्या पहिल्या राणी सईबाई मुधोजी निंबाळकरांच्या कन्या. महाराजांनी आपली मुलगी सखूबाई सईबाईंचे बंधू बजाजी यांच्या मुलाला, महादजींना दिली. इतकं असूनही निंबाळकर सदैव स्वराज्याच्याच बाजूने होते असं नाही. बजाजी विजापूरच्या चाकरीत होते. त्या काळी जहागीर एका बाजूला आणि नातं दुसऱ्या बाजूला, ही ओढाताण नीरेच्या दोन्ही तीरांवरच्या प्रत्येक देशमुखाच्या दारात होती. बाहेरचा शत्रू समोर होता तोवर ती दबून राहिली. शत्रू संपला तेव्हा ती उफाळून आली.

११ मार्च १६८९ रोजी औरंगजेबाने संभाजी महाराजांची हत्या केली. त्याच वर्षी रायगड पडला आणि त्यांच्या पत्नी येसूबाई व सातेक वर्षांचे पुत्र शाहू मोगलांच्या कैदेत गेले. संभाजी महाराजांचे धाकटे बंधू राजाराम महाराज जिंजीला निघून गेले. मार्च १७०० मध्ये सिंहगडावर त्यांचं निधन झालं, तेव्हा त्यांच्या पत्नी ताराबाई पंचवीस वर्षांच्या होत्या. आपल्या लहान मुलाला, शिवाजीला, गादीवर बसवून त्यांनी सात वर्षं औरंगजेबाशी झुंज दिली. खजिना रिकामा, किल्ले एकामागून एक जात होते आणि परत येत होते, तरी त्या डगमगल्या नाहीत. बादशहा दख्खनमध्येच झिजला आणि १७०७ साली अहमदनगरजवळ मरण पावला. ही बाई नसती तर वाद घालायला राज्यच उरलं नसतं, हे माझं ठाम मत आहे आणि पुढे जे लिहिणार आहे ते या मतासकट वाचावं.

१६८९ हे साल मला आणखी एका कारणाने लक्षात राहिलेलं आहे. त्याच वर्षी, डिसेंबरात, लंडनच्या पार्लमेंटने हक्कांचा कायदा मंजूर केला. पार्लमेंटच्या संमतीवाचून राजाने कायदा स्थगित करायचा नाही, कर बसवायचा नाही, शांततेच्या काळात खडी फौज ठेवायची नाही. तिथवर पोचायला इंग्लंडने पन्नास वर्षं रक्त सांडलं होतं. १६४२ साली राजा पहिला चार्ल्स आणि पार्लमेंट यांच्यात युद्ध पेटलं. भाऊ भावाविरुद्ध आणि बाप मुलाविरुद्ध उभा राहिला. जानेवारी १६४९ मध्ये वेस्टमिन्स्टरच्या दिवाणखान्यात राजावर खटला चालला. राजाने उत्तर द्यायलाच नकार दिला. माझा न्याय करण्याचा अधिकार तुम्हाला दिला कोणी, एवढंच तो विचारत राहिला. ३० जानेवारीला त्याचा शिरच्छेद झाला. त्या महिन्यात शहाजीराजे विजापूरकरांच्या कैदेत होते आणि आदल्याच वर्षी शिवाजी महाराजांनी पुरंदरच्या परिसरात फत्तेखानाची फौज परतवून लावली होती. पुढे क्रॉमवेलची हुकमत आली, १६६० मध्ये पुन्हा राजा आला, १६८८ मध्ये दुसऱ्या जेम्सला पळ काढावा लागला आणि त्याची मुलगी मेरी व जावई विल्यम गादीवर बसले. सासरा आणि जावई १६९० साली आयर्लंडमध्ये बॉइन नदीच्या काठी एकमेकांसमोर लढले. इंग्रजांच्या या क्रांतीची किंमत आयर्लंडने मोजली, हेही विसरता येत नाही. १६४९ साली क्रॉमवेलच्या सैन्याने ड्रॉएडा शहरात कत्तल केली, आणि कॅथलिकांच्या जमिनी जप्त होत गेल्या त्या पिढ्यान्‌पिढ्या. लंडनमध्ये हक्क लिहिले जात होते तेव्हा आयरिश शेतकरी बेदखल होत होता.

मे १७०७ मध्ये इंग्लंड आणि स्कॉटलंड यांचं एक राज्य झालं. त्याच महिन्यात, भोपाळजवळ दोराह्याला, आझमशहाने शाहूंना सोडून दिलं आणि मराठ्यांच्या एका राज्याची दोन व्हायला सुरुवात झाली. औरंगजेबाच्या मुलाचा हेतूच तो होता. शाहू थोरल्या घरचे, संभाजी महाराजांचे पुत्र. गादी त्यांची, यात लोकांना शंका नव्हती. पण सात वर्षं राज्य सांभाळलं ते ताराबाईंनी. ज्याच्या बापाने गमावलेलं राज्य मी परत मिळवलं, त्याला ते का द्यावं, हा त्यांचा सवाल होता आणि तो पोकळ नव्हता. त्यांनी सरदारांना दूधभातावर हात ठेवून शपथा घ्यायला लावल्या, अशी परंपरा सांगते. आलेला माणूस तोतया आहे, असंही जाहीर केलं. खरं-खोटं पाहायला खंडो बल्लाळ चिटणीस गेले आणि खरे शाहूच आहेत अशी खूण घेऊन आले. १२ ऑक्टोबर १७०७ रोजी भीमेच्या काठी खेडला दोन्ही फौजा भिडल्या, तेव्हा धनाजी जाधवांनी शस्त्र चालवलं नाही. परशुरामपंत प्रतिनिधी एकटे लढले आणि साताऱ्याला माघारी पळाले. तीन महिन्यांनी, १२ जानेवारी १७०८ रोजी, शाहूंनी साताऱ्याला राज्याभिषेक करवून घेतला.

शपथ ही या यादवीतली सर्वांत मोठी गोष्ट आहे, हे मला प्रवासात हळूहळू उमगत गेलं. कोण राजा, हे ठरवायला आपल्याकडे सभा नव्हती, लिहिलेला नियम नव्हता. होती ती माणसाने माणसाला दिलेली आण. आणि एकाच माणसाने दोघांना आण दिलेली असली तर?

वडगावहून निंबुत, नीरा आणि नदीवरचा पूल. आषाढी वारीत ज्ञानेश्वरांच्या पालखीतल्या पादुकांना इथेच नीरास्नान घालतात आणि पूल ओलांडताच सातारा जिल्हा लागतो. पुढे लोणंद, आणि लोणंदहून साताऱ्याकडे निघालं की डोंगराची एक लांबलचक भिंत आडवी येते. हा सालप्याचा घाट. मिरजेची रेल्वेही सालपे, आदर्की करत याच डोंगराला वळसे घालत चढते. ऐन माथ्यावर थांबून मागे पाहिलं. खाली नीरेचं खोरं, उसाचे आणि ज्वारीचे चौकोन, फलटणच्या बाजूला कालव्याची चकाकणारी रेघ. पुढच्या बाजूला देऊर, वाठार आणि वासनेचं कोरडं खोरं. फौज घेऊन साताऱ्यावर उत्तरेकडून यायचं तर इथून यावं लागतं, हे सांगायला नकाशाची गरज उरत नाही.

१७११ साली इथे एका भांडणाचा निकाल लागला. धनाजींच्या मागे त्यांचा मुलगा चंद्रसेन सेनापती झाला होता आणि वसुलावर देखरेख ठेवायला शाहूंनी पुढे पेशवे झालेल्या बाळाजी विश्वनाथ भटांना त्याच्यासोबत दिलं होतं. बखरींत या वैराचं निमित्त एका हरणाचं सांगतात. शिकारीत जखमी झालेलं हरीण कोणाच्या आसऱ्याला गेलं, ते द्यायचं की राखायचं, यावरून तलवारी निघाल्या. निमित्त हरणाचं असेल, पण खरं कारण वसुलाचं होतं, असं मला वाटतं. बाळाजी विश्वनाथ थोडक्या माणसांनिशी पुरंदरच्या बाजूने नीरा ओलांडून वाईजवळच्या पांडवगडावर पोचले. मागे चंद्रसेन. बाळाजीला माझ्या ताब्यात द्या, नाहीतर मी ताराबाईंकडे जातो, असा त्याने शाहूंना निरोप पाठवला. शाहूंनी हैबतराव निंबाळकरांना बोलावलं. हैबतराव फलटणला आले, चंद्रसेन देऊरला उतरला, आणि मध्ये हा सालप्याचा डोंगर. लढाईत चंद्रसेन हरला आणि खरोखरच ताराबाईंकडे गेला, तिथून पुढे निजामाकडे. ज्यांनी त्याला हरवलं ते हैबतरावही सेनापतिपद न मिळाल्याने शाहूंपासून दुरावले. निंबाळकरांचीच दुसरी शाखा, रावरंभा, निजामाची सरदार झाली आणि करमाळ्याला नांदली. एका कुळाची माणसं तीन दरबारांत वाटली गेली. यातल्या कोणालाही मी फितूर म्हणायला तयार नाही. शत्रू कोण आणि राजा कोण, हेच जिथे दर सहा महिन्यांनी बदलत होतं, तिथे फितुरी कशाला म्हणायचं?

चाळीस वर्षांनी, १७५१ मध्ये, याच घाटाने दुसरी फौज वर आली. दमाजी गायकवाडांची, गुजरातेतून. त्यांना बोलावणाऱ्या पुन्हा ताराबाईच होत्या, आता पंचाहत्तरीच्या. मधल्या काळात त्यांनी काय काय सोसलं होतं! १७१४ साली कोल्हापुरात सवतीने, राजसबाईंनी, डाव उलटवून त्यांना आणि त्यांच्या मुलाला पन्हाळ्यावर कैदेत टाकलं. मुलगा कैदेतच गेला. १७३१ साली वारणेचा तह होऊन सातारा आणि कोल्हापूर अशी दोन राज्यं मान्य झाली आणि ताराबाई शाहूंच्या आश्रयाला साताऱ्याला येऊन राहिल्या. ज्याला तोतया म्हटलं त्याच्याच घरी. शाहूंना वारस मुलगा नव्हता. तेव्हा ताराबाईंनी आपला एक नातू लहानपणापासून लपवून वाढवलेला आहे असं सांगितलं. १५ डिसेंबर १७४९ रोजी शाहू वारले आणि तो नातू, रामराजा, जानेवारीत गादीवर बसला.

बारामतीचं नाव या गोष्टीत येतं ते इथल्याच बाबूजी नाईकांमुळे. कऱ्हेकाठी त्यांचा वाडा आहे, कवी मोरोपंतांचं बरंच आयुष्य त्यांच्याच आश्रयात गेलं. बाबूजी नाईक मोठे सावकार आणि पेशव्यांचे सोयरे. त्यांचे बंधू बाळाजी विश्वनाथांचे जावई. तरी १७४० साली थोरले बाजीराव गेल्यावर नागपूरच्या रघुजी भोसल्यांनी पेशवेपद बाबूजींना मिळावं म्हणून जोर लावला. शाहूंनी मात्र बाजीरावांच्या मुलाला, नानासाहेबांना, वस्त्रं दिली. राजाचा शब्द तोवर चालत होता. दहा वर्षांत ते संपलं. १७५० मध्ये सांगोल्याला रामराजाने राज्यकारभार पेशव्यांच्या हाती सोपवायला मान्यता दिली. इंग्लंडातही राजाचा अधिकार काढून घेतला गेला, पण तो पार्लमेंटकडे गेला. इथे तो एका घराण्याकडून दुसऱ्या घराण्याकडे गेला, आणि दुसऱ्या घराण्याला विचारणारं कोणी नव्हतं. मराठ्यांच्या राज्यात खरी क्रांती कुठे झाली असं कोणी विचारलं तर मी सांगोल्याचं नाव घेईन. ती अपुरी राहिली, हे दुःखही त्याच गावाच्या नावाला चिकटलेलं आहे.

ताराबाईंना हे मान्य होणं शक्यच नव्हतं. चंपाषष्ठीच्या सणाला त्यांनी रामराजाला साताऱ्याच्या किल्ल्यावर बोलावलं. पेशव्यांच्या ओंजळीने पाणी पिऊ नको, कारभार स्वतःच्या हाती घे, असं समजावलं. तो ऐकेना, तेव्हा दरवाजे बंद करून नातवालाच कैद केलं. मग दमाजी सालप्याचा घाट चढून आले, पेशव्यांच्या बाजूच्या फौजेला मागे रेटलं आणि निंबला पुन्हा हरवलं. पेशवे त्या वेळी दूर निजामाच्या मुलखात होते. ते मजल दरमजल धावत आले, वेण्णेकाठी दमाजींचा पाडाव झाला आणि तहाची बोलणी चालू असताना त्यांना कैद करण्यात आलं. ताराबाई किल्ल्यावर तशाच बसून राहिल्या. त्यांच्यावर तोफ डागायची पेशव्यांचीही छाती झाली नाही.

घाट उतरून वाठारमार्गे संध्याकाळी संगम माहुलीला पोचलो. कृष्णा आणि वेण्णा इथे मिळतात. श्रीपतराव प्रतिनिधींनी १७३५च्या सुमारास बांधलेलं विश्वेश्वराचं मंदिर काळ्या दगडाचं, दणकट, शिखर विटा-चुन्याचं. श्रीपतराव म्हणजे खेडला शाहूंविरुद्ध लढलेल्या परशुरामपंतांचे चिरंजीव. बापाला शाहूंनी कैदेत ठेवलं, पुढे सोडून पद परत दिलं, आणि मुलगा त्यांचा जिवाभावाचा माणूस झाला. इंग्लंडात १६६० नंतर राजाविरुद्ध निकाल देणाऱ्यांना हाल हाल करून मारलं, मेलेल्या क्रॉमवेलचं प्रेत उकरून फासावर टांगलं. शाहूंनी शत्रूच्या मुलाला जवळ बसवलं. या एका गुणासाठी त्यांचं कौतुक करावं तेवढं थोडं.

घाटावर शाहूंची समाधी आहे. त्यांच्या लाडक्या खंड्या कुत्र्याचीही आहे आणि लोक ती आवर्जून दाखवतात. ताराबाईंची समाधी मात्र नदीच्या पात्राकडे, वाळूत आणि गाळात. दर पावसाळ्यात तिच्यावरून पाणी जातं. डिसेंबर १७६१ मध्ये, पानिपतच्या वर्षात, त्या गेल्या. औरंगजेबाला सात वर्षं झुंजवणाऱ्या बाईच्या वाट्याला ही जागा यावी याचा मला राग आला आणि तो अजून गेलेला नाही. कुत्र्याची समाधी विचारणारे दहा जण भेटले. ताराबाईंची वाट दाखवायला मात्र एका शाळकरी मुलालाच हाक मारावी लागली.

पलीकडच्या तीरावरचं क्षेत्र माहुली हे रामशास्त्री प्रभुण्यांचं गाव. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला आणि चुलते रघुनाथराव गादीवर बसले. रामशास्त्र्यांनी चौकशी केली, दोष रघुनाथरावांवर ठेवला आणि या पापाला देहान्त प्रायश्चित्तच आहे, असं त्यांच्या तोंडावर सांगून पद सोडलं. वेस्टमिन्स्टरमध्ये राजावर चाललेल्या खटल्याच्या सर्वांत जवळ आपण पोचलो ते इथे. तिथे न्यायाधीशांच्या पाठीशी फौज होती. रामशास्त्र्यांच्या पाठीशी फक्त शास्त्र होतं. तरी निकाल वाया गेला नाही. नाना फडणीस, सखारामबापू यांनी बारभाईंचा कट उभारला, नारायणरावांच्या गरोदर पत्नी गंगाबाईंना पुरंदरावर नेलं, आणि १८ एप्रिल १७७४ रोजी तिथे सवाई माधवराव जन्मले. राज्याच्या मालकाविरुद्ध कारभारी एकत्र आले, असा प्रसंग आपल्या इतिहासात विरळा. पण तेही एक तान्हं मूल पुढे करूनच एकत्र आले. गादीशिवाय राज्य असू शकतं, ही कल्पना त्यांच्याही मनात आली नाही.

दुसऱ्या दिवशी उत्तरेकडे निघालो. वाटेत लिंबला बारामोटेची विहीर आहे, म्हणजे ज्या निंबला दमाजींची लढाई झाली तेच गाव. शाहूंच्या कारकिर्दीत विरूबाई भोसल्यांनी ती बांधवून घेतली. बारा मोटा एकदम चालाव्यात एवढा घेर आणि आत दगडी महाल. यादवी चालू असतानाही कोणीतरी शेताला पाणी देण्याचा विचार करत होतं, हे पाहून बरं वाटतं. तासभर तरी थांबावं अशी जागा आहे.

शिरवळहून भोर, आणि भोरहून डोंगराच्या कुशीत शिरणारा रस्ता आंबवड्याला जातो. नागेश्वराचं जुनं देऊळ, गर्द झाडी आणि तिथे शंकराजी नारायण सचिवांची समाधी. पूर्ण प्रवासात मी सर्वांत जास्त वेळ इथे बसलो. शंकराजी हे राजाराम महाराजांच्या काळातले सचिव. मोगलांनी घेतलेले राजगड, तोरण्यासारखे किल्ले परत मिळवण्यात त्यांचा मोठा हात. १७०७ मध्ये हा सगळा मावळ त्यांच्या ताब्यात होता. ताराबाईंसमोर त्यांनी दूधभातावर हात ठेवून शपथ घेतलेली, आणि खेड जिंकून आलेल्या शाहूंनी त्यांना हजर होण्याचा निरोप धाडलेला. शाहू हे खरे वारस, हे शंकराजींना पटलेलं असावं. पटलं नसतं तर त्यांच्याकडे लढायला किल्ले होते. शपथ मोडायची नाही आणि खऱ्या धन्यावर शस्त्रही उगारायचं नाही, तर तिसरा मार्ग कोणता? त्यांनी इथे जलसमाधी घेतली, असं सांगतात. शाहूंनी त्यांच्या तान्ह्या मुलाला, नारो शंकरला, सचिवपदाची वस्त्रं दिली आणि पुढे भोर संस्थान याच घराण्यात १९४८ च्या विलीनीकरणापर्यंत राहिलं.

धनाजी, चंद्रसेन, हैबतराव, सगळ्यांनी बाजू बदलून मार्ग काढला. शंकराजींनी बदलली नाही. त्यांचं चुकलं असं म्हणायला माझी जीभ रेटत नाही. पण एका कर्त्या माणसाला जीव देण्याखेरीज वाट ठेवत नाही ती राज्यव्यवस्था लंगडी आहे, एवढं म्हटलंच पाहिजे. आण राज्याला दिलेली असती, कायद्याला दिलेली असती, तर शंकराजी जगले असते.

याच रोहिडखोऱ्यातल्या देशकुळकर्णी गुप्त्यांच्या घराण्यात रंगो बापूजी झाले. १८३९ साली इंग्रजांनी साताऱ्याच्या प्रतापसिंह महाराजांना पदच्युत करून काशीला पाठवलं, तेव्हा त्यांची फिर्याद घेऊन रंगो बापूजी लंडनला गेले आणि चौदा वर्षं तिथे राहिले. कंपनीच्या कचेरीत अर्ज दिले, पत्रकं छापली, पार्लमेंटच्या सभासदांच्या पायऱ्या झिजवल्या. जोसेफ ह्यूमसारखे काही त्यांच्या बाजूने बोललेही. राजाने कायदा मोडला म्हणून ज्या पार्लमेंटने त्याचं डोकं उडवलं होतं, त्याच पार्लमेंटसमोर मावळातला हा माणूस विचारत होता की तुमच्या कंपनीने केलेला करार मोडला, त्याचं काय? उत्तर मिळालं नाही. फिर्याद चालू असतानाच महाराज १८४७ मध्ये काशीला वारले आणि पुढच्या वर्षी सातारा खालसा झालं. १८५३ मध्ये रंगो बापूजी परतले, १८५७ मध्ये साताऱ्यात उठावाची जुळवाजुळव केली. ८ सप्टेंबर १८५७ रोजी गेंडामाळावर सतरा जणांना मारलं, त्यांत त्यांचा मुलगा सीताराम होता. रंगो बापूजी इंग्रजांच्या हाती कधीच लागले नाहीत. साताऱ्याच्या चार भिंतींच्या स्मारकावर त्यांचं नाव आहे.

भोरहून कापूरहोळ, सासवड करत जेजुरीला आलो. गर्दी रविवारची. पायऱ्या भंडाऱ्याने पिवळ्या, दीपमाळांच्या कोनाड्यांतही हळद साचलेली. नवसाची, लग्नाची, वाघ्या-मुरळीची सगळी गडबड ओलांडून गडकोटाच्या आत एका ओवरीत टेकलो. १४ सप्टेंबर १७५२ रोजी याच देवळात ताराबाई आणि नानासाहेब पेशवे यांनी एकमेकांना शपथ दिली. एकमेकांशी वैर धरायचं नाही, असं ठरलं. पेशव्यांनी त्यांच्या मानमरातबाला धक्का लावायचा नाही, त्यांनी कारभारात अडथळा आणायचा नाही. आणि त्याच वेळी ताराबाईंनी खंडेरायासमोर सांगितलं की रामराजा आपला नातू नव्हे, गोंधळ्याचा मुलगा आहे. दोन वर्षांपूर्वी ज्याला स्वतःचं रक्त म्हणून गादीवर बसवलं, त्याला त्यांनी देवाच्या दारात नाकारलं. पंचेचाळीस वर्षांपूर्वी शाहूंना तोतया म्हणण्यापासून जे सुरू झालं होतं, ते इथे येऊन थांबलं.

पेशव्यांनी रामराजाला गादीवरून काढलं नाही. काढलं असतं तर नवा राजा कोणी आणि कुठल्या अधिकाराने नेमायचा, हा प्रश्न उभा राहिला असता, आणि त्याचं उत्तर कोणाकडेच नव्हतं. ताराबाई असेपर्यंत रामराजा किल्ल्यावरच अडकून होते. पुढे थोरल्या माधवराव पेशव्यांनी त्यांचा जाच कमी केला. १७७७ साली ते वारले, तोवर पेशवाईची वस्त्रं त्यांच्याच नावाने दिली जात होती.